एक मिनिट शांतता

माहितीपट काढणारी ती बाई चिवट म्हणून प्रसिद्ध होती. पण साहेबांपुढे तिची डाळ शिजेना. साहेब म्हणजे एका कडव्या संघटनेचे पुढारी. त्यांच्या माणसांनी एका मास्तरांना भर वर्गातून उचलून नेलं, त्याला चार वर्षं झाली होती. सरकारी नोंद ‘बेपत्ता’. मास्तरीणबाईंचं मागणं एकच : मेले म्हणून कुणीतरी कबूल करा, म्हणजे मला रडता तरी येईल.

“मेले? छे!” साहेब कॅमेऱ्याकडे बघून मधाळ हसले. “बायकोला कंटाळून गेले असतील हो. असतील कुठे तरी मजेत.”

भिंतीलगतच्या बाकावर बसलेले चार कार्यकर्ते खिदळले. दीड तास हेच गुऱ्हाळ. बाईचा आतून संताप संताप झाला होता. शेवटी आवाज टिपणाऱ्या तिच्या मामेभावाने खूण केली. कुणी बोलत नसतानाचा नुसत्या खोलीचा आवाज घ्यायचा राहिला होता; पंख्याची घरघर वगैरे, चित्रीकरणाचे तुकडे जोडताना लागतो तो.

“ताई, सांग ना त्यांना.”

“सगळ्यांनी एक मिनिट शांतता पाळा,” ती म्हणाली. ‘गप्प बसा’ म्हणायचं होतं, तोंडातून ‘पाळा’ निघालं. चुकून की मुद्दाम, ते ती आजही सांगत नाही.

कार्यकर्ते सभांमध्ये मुरलेले. चौघेही ताडकन उठले, माना खाली घातल्या. साहेब गोंधळले, पण कॅमेरा चालू, सगळे उभे, आपणच कसे बसणार? तेही उठले आणि चांगला दुखवट्याचा चेहरा केला.

“कुणासाठी रे?” एक कुजबुजला.

“मास्तरांसाठी, आणि कुणासाठी? पुरलं तेव्हा साधं फूलही टाकलं नव्हतं आपण.”

साहेबांचे कान वयाने मंदावले होते. माइकचे चांगलेच तिखट होते. मामेभावाने कानावरचा हेडफोन घट्ट दाबून धरला. बाईने मात्र साठऐवजी नव्वद सेकंद मोजले आणि सगळ्यांचे मनापासून आभार मानले.

दुसऱ्या दिवशी बाईने नेऊन दाखवलेलं ते चित्रीकरण मास्तरीणबाईंनी स्वयंपाकघरातल्या स्टुलावर बसून पाहिलं. कुजबुज ऐकून त्या गोठल्या. मग साहेबांची ती झुकलेली मान दिसली आणि त्यांना हसू फुटलं. हसता हसता चार वर्षांचं रडू आलं ते थांबेचना.

बऱ्याच वेळाने त्यांनी पदराने डोळे पुसले आणि स्टूल मागे सारलं.

“पुन्हा लाव गं. आता मीही उभी राहते.”