खेचरांची चाल

कॅमेऱ्याचं हँडल सेकंदाला दोन फेरे, ना कमी ना जास्त, हा आमच्या धंद्यातला पहिला धडा. त्या कड्यावर मी तोच विसरलो.

मिठाची पोती लादलेली तीस खेचरं जेमतेम हातभर वाटेवरून चालली होती. खाली नुसती दरी. गेल्या वर्षी या खेचरांच्या तांडेवाल्या मावशीचा नवरा तिथल्याच वळणावरून कोसळून गेला. रस्तेखात्यानं तिथं कठडा बांधावा, म्हणून तर ही फिल्म. पहिलं खेचर त्या वळणावर येताच माझ्या तोंडचं पाणी पळालं आणि हात मंदावला; तेवढ्यात मधल्या एकाचा पाय सटकला.

त्याचा परिणाम थेट खात्याच्या बैठकीत दिसला. पडद्यावर खेचरं शर्यतीसारखी तुरुतुरु पळायला लागली. मंडळी पोट धरून हसली.

"वाट तर झकास दिसतेय!" मोठे साहेब म्हणाले. "कठडा कशाला हवा?"

बैठकीला आलेली मावशी माझ्याकडे वळली. "माझी खेचरं पळत नाहीत. चाचपत चालतात. काय करून ठेवलंत हे?"

"हात हळू फिरला, मावशी. हळू टिपलं की पडद्यावर पळतं." मेल्याहून मेल्यासारखं झालं मला.

"मग आता हे मशिनही हळूच फिरवा की."

इतकी साधी गोष्ट, आणि मला दीडशहाण्याला सुचली नव्हती! प्रोजेक्टरवाला मात्र उसळला, "दिव्यासमोर फिल्म रेंगाळली तर भडकेल. एकच प्रत आहे!"

"भडकू दे," मावशी म्हणाली. "अशी दाखवण्यापेक्षा जळलेली बरी."

मी साहेबांसमोर चूक कबूल केली, पाच मिनिटं मागून घेतली आणि प्रोजेक्टरचं हँडल हातात घेतलं. मावशी शेजारी उभी राहून खेचरांच्या चालीनं टेबल थोपटत होती. मी त्या ठेक्यावर फिरवत गेलो. चित्र लुकलुकायला लागलं, जळका वास आला, प्रोजेक्टरवाल्यानं ओली गोणी उचलून धरली.

खेचरं चालू लागली. एकेक खूर जमीन शोधून टेकत होता. मग तो पाय सटकला. दरीवर अधांतरी राहिला, किती तरी वेळ. शेवटी टेकला. माझ्या कपाळावरचा घाम डोळ्यांत उतरला होता, पण हात ढळला नाही.

कुणी हसलं नाही. फिल्मच्या कडा तेवढ्या तपकिरी झाल्या होत्या.

मोठ्या साहेबांनी कागद पुढे ओढला. "कठडा किती लांब लागेल? मोजणीला माणूस पाठवतो."

"दोनशे दहा पावलं," मावशी म्हणाली. "जाताना रोज मोजते."