जप्तीतून सुटलेली खुर्ची

मी एक जुनी खुर्ची आहे. मित्रांनो, तुम्ही जेवायला बसता तसली नव्हे. मी केस कापण्याच्या दुकानातली, बिडाच्या पायाची, गोल फिरणारी खुर्ची. माझा पाय एका ओतकामाच्या कारखान्यात ओतला गेला. शेजारच्या गाळ्यातल्या म्हाताऱ्या कारागिराने माझ्यावर लाल रेक्झिन चढवले आणि हात मारून म्हणाला, "जा, टिकशील."

मला विकत घेणाऱ्याला सगळे मास्तर म्हणत. त्यांनी शाळेत कधी शिकवले नव्हते, पण कात्री अशी चालवत की हे नाव त्यांना आपोआप चिकटले. आरसा, कपाट, दोन बाक आणि मी, एवढेच त्यांचे दुकान. लहान मुलांना माझ्या हातांवर आडवी फळी टाकून बसवत. रडत बसलेली किती मुले गोल फिरून हसत उतरली! मास्तर गिऱ्हाइकांना सांगत, या खुर्चीने माझे घर चालवले. ते ऐकून माझी मान ताठ होई.

मास्तरांना दोन मुले. थोरला मुलगा तरुणपणीच ट्रकचालक होऊन दूर गेला. धाकटी मुलगी घरी राहिली. मास्तरांचे हात थरथरू लागले तेव्हा कात्री तिने उचलली. सुरुवातीला गिऱ्हाइके बिचकली. मग शेजारचा शिंपी धीर करून बसला. त्याचे दोन्ही कान जागच्या जागी पाहून बाकीचेही आले.

पण मास्तर एका मित्राच्या कर्जाला जामीन राहिले होते. मित्र परागंदा झाला. पुढे मास्तरही वारले. मग कर्ज देणाऱ्याने वारसांवर दावा लावला.

त्याच दिवसांत भावाबहिणीचे वाटणीवरून बिनसले. थोरल्याला वाटे, बहीण बापाच्या आयत्या दुकानावर बसली आहे. बहिणीला वाटे, बापाच्या आजारपणात जो फिरकला नाही, त्याने आता कोणत्या तोंडाने हिस्सा मागावा? कोर्टाची नोटीस आली तेव्हा ती म्हणाली, वारसांत त्याचे नाव आधी आहे, त्याने बघावे. तो म्हणाला, दुकान तिच्या ताब्यात आहे, तिने बघावे. नोटीस कपाटावर पडून राहिली आणि निकाल दोघांच्या गैरहजेरीत लागला.

एका सकाळी कोर्टाचा बेलीफ जप्तीचा हुकूम घेऊन आला. माझ्यावर एक गिऱ्हाईक अर्धी दाढी करून बसले होते. बेलीफ भला माणूस. उरलेली अर्धी होईपर्यंत तो दारात थांबला. मग आरसा, कपाट आणि बाकांसह मला उचलून कोर्टाच्या गोदामात नेले. तिथे माझ्या मांडीवर जुन्या फायली रचल्या गेल्या. कुणी बसेना, कुणी फिरवेना. लिलावात भंगारवाला मला घेईल, असे गोदामाचा कारकून म्हणाला. त्या दिवसापासून माझ्या जिवाला घोर लागला.

लिलावाआधी वस्तू ओळखायला दोघांना बोलावले. बेलीफाने त्यांना समजावले की, जिच्यावर कारागिराचे पोट चालते ती वस्तू सोडवता येते. बहिणीने तसा अर्ज केला होता. अडचण थोरल्याची होती. त्याने दुकानातला अर्धा हिस्सा लेखी मागितला होता. खुर्ची वाटणीतली ठरली, तर ती एकट्या बहिणीच्या पोटापाण्याची वस्तू राहणार नव्हती आणि लिलावात जाणार होती.

बहीण फायली बाजूला सारून माझा गंजू लागलेला दांडा पाहत होती. थोरल्याची नजर तिच्या अंगठ्यावर गेली. कात्रीच्या कड्याने तिथे जाड घट्टा पडला होता.

"हे कधीपासून?" त्याने विचारले.

"सहा वर्षं झाली. बाबांना कंगवासुद्धा धरवत नव्हता."

"मला कळवायचंस."

"दोन पत्रं टाकली, दादा. दोन्ही परत आली. तुझा पत्ता बदलला होता."

त्याने स्वतःचा तळवा पाहिला. स्टीअरिंग धरून तोही तसाच राठ झाला होता. मग तो वळला आणि कोर्टाच्या दालनात गेला.

तासाभराने बेलीफ हसत आला आणि कारकुनाला हकिगत सांगू लागला. थोरल्याने न्यायाधीशांसमोर उभे राहून म्हटले होते, "साहेब, खुर्ची आणि आरसा माझ्या बहिणीची रोजीरोटी आहे. माझा हिस्सा मी सोडतो."

मी सुटले, आरसाही सुटला! बाक आणि कपाट लिलावात गेले. मास्तरांच्या नावावरची एक रिकामी जागा दोघांनी मिळून विकली आणि उरलेले देणे फिटले. मला हातगाडीवरून परत दुकानात नेले. गाडी थोरला ओढत होता, बहीण मला धरून चालत होती. खड्डा आला की तो मागे वळून विचारी, "सांभाळलीस ना?"

दुकानाशी शिंपी उभा होता. पाच आठवडे त्याने केस कापले नव्हते. दुसरीकडे बसलो तर मास्तर रागावतील, म्हणे. मला जागेवर ठेवताच तो बसला. मी करकरत एक पूर्ण वळण घेतले आणि माझा जीव भांड्यात पडला.

मित्रांनो, माझ्यासारख्या वस्तूंना फार काही लागत नाही. महिन्याकाठी तेलाचे दोन थेंब आणि कोरड्या फडक्याचा एक हात पुरतो. पण घरात वाटणीवरून अबोला धरला असेल, तर आधी तो मोडा. आलेला कागद एकत्र बसून वाचा. आम्हाला तोंड नसते. आम्ही कुणाच्या, हे तुम्हीच एकमेकांना विचारायचे असते.