नळ सोड

"मी म्हणेन ते माझ्यामागून म्हणायचं, काका," असं सांगून तिने तोंडापुढे पुठ्ठा धरला, ओठ दिसू नयेत म्हणून. कान तपासायची हीच रीत.

म्हातारा दोनदा खाकरला. त्या खाकरण्यावरूनच तिने त्याला दारात ओळखलं होतं. लहानपणी ते छतातून ऐकू यायचं. गल्लीतल्या मुसलमानांच्या घरांना सरकारने कान लावले होते, आणि तिच्या घराच्या डोक्यावरच्या खोलीतला कान हाच. साऱ्या गल्लीला ठाऊक होतं. तरी जिन्यात भेटला की काका म्हणायचं, असं अम्मीने बजावलेलं. मेल्याची जीभही साखरेची. "बाळ, अब्बा काय म्हणतात?"

"खिडकी," ती म्हणाली.

"खिडकी."

"चप्पल."

"चप्पल."

"नळ सोड."

"नळ..." म्हाताऱ्याचा चेहरा उतरला.

अब्बांचं हे रोजचं वाक्य. अम्मीचा हात मिठाला सढळ. जेवण झालं की अब्बा लेकीला मोरीत बोलवायचे, नळ सोडायला लावायचे आणि कानात सांगायचे, "आजपण खारट. हसू नकोस, ऐकेल ती." एवढंच. पण वरच्याला वाटलं, खाली कट शिजतोय. त्याने तसं कळवून टाकलं. अब्बांना नेलं ते नेलंच. परत आली ती नुसती त्यांची चप्पल.

"तू खालच्या घरातली," म्हातारा पुटपुटला. "कानाच्या मशीनला नाही म्हणू नकोस गं. नातीचं बोलणं कळत नाही मला."

मशीन तिने चोख बसवून दिलं. बहिऱ्यावर सूड उगवून काय उपयोग?

आता ऐकू येतंय म्हटल्यावर म्हाताऱ्याला राहवेना. "एवढं सांगून टाक. नळ सोडून काय बोलायचे ते?"

"म्हणजे तुम्हाला माहीतच नव्हतं?"

"संशय होता."

"संशयावर माझा बाप खाल्लात."

ती उठली. बेसिनचा नळ तिने पूर्ण सोडला. नव्या मशीनमध्ये पाणी धो धो घुसलं असणार, कारण म्हाताऱ्याने डोळेच मिटले. मग त्याच्या कानाशी वाकून तिने सगळं सांगितलं, मिठासकट, अब्बांच्याच आवाजात.

"काय? मोठ्याने बोल."

तिने पुन्हा सांगितलं. तेवढ्याच हळू.

"पोरी, नळ बंद कर," म्हातारा हात जोडून म्हणाला.

तिने दार उघडून पुढच्या पेशंटला हाक मारली. नळ तसाच वाहत होता.