बादलीखालचा साप

यादिराने बादली उपडी घातली आणि वर स्वतःच बसली.

"ऊठ," तिचा बाप एलिसेओ म्हणाला. कोयता त्याच्या हातात होता. कोकोच्या वाळक्या पानांत सळसळलेलं तांबडं शेपूट त्यानेही पाहिलं होतं. "कोरल आहे तो. चावला तर पाणी मागायलाही उरणार नाहीस."

"कोरल नाही, पापा. चोन्ताचं पिल्लू आहे."

फळ्यांवर कोकोच्या बिया पसरत बसलेली दोमितिला आत्या खो-खो हसली. "चोन्ता कोळशासारखा काळा, हे मिरचीसारखं लाल. याची आई कुणावर भाळली होती गं?"

"आत्या, तुझ्या पांढऱ्या कोंबड्या लहानपणी कशा असतात?"

"पिवळ्या," आत्या बोलून गेली आणि बियांकडे वळली.

त्या नदीकाठी चोन्ता सापाला कुणी हात लावत नसे. पाठीवर फुल्या असलेल्या विषारी एकीस सापाला तो गिळायचा. बागेत चोन्ता असला की माणसं निर्धास्त कोको तोडत. एलिसेओच्या बागेत मात्र कैक वर्षांत एकही मोठा झालेला दिसला नव्हता, आणि गेल्या हंगामात एकीस चावून त्याच्या भावाचा पाय कापावा लागला होता. म्हणूनच आज तो टोपलीत कोंबडा घालून निघाला होता. पलीकडच्या काठावरच्या मित्राला कोंबडा द्यायचा, पोत्यातून चोन्ता आणायचा आणि बागेत सोडायचा.

"कोरलच्या अंगावर कडी असतात," यादिराच्या तोंडून शब्द एकमेकांना ढकलत बाहेर येत होते. "याच्यावर एकही नाही. डोकं काळं, मानेवर पिवळट पट्टा, बाकी नुसता लाल. ओढ्यापाशी याच्याहून मोठा पाहिला मी, पाठ काळवंडलेली, कुशी अजून लाल. वाढता वाढता काळे होतात ते, पापा. एकदा नीट बघ. कोरल निघाला तर मार, मी आड येणार नाही."

ती उठली. एलिसेओने कोयत्याच्या टोकाने बादली उलटवली.

तांबडा साप पळाला नाही, कारण त्याला सवड नव्हती. पानांत दडलेल्या बोटाएवढ्या एकीसला त्याने वेटोळ्यांत आवळलं होतं. एकीस त्याला डसला, पुन्हा डसला. तांबड्याला त्याचं काही नव्हतं. जबडा सरकवत तो एकीसचं डोकं गिळू लागला.

"बघ, बघ, बघ," यादिरा एका पायावर नाचत होती. "कोरल कधी असं आवळतो का?"

"नाही," एलिसेओ म्हणाला. तो उकिडवा बसला. फुल्यांचं शेपूट आत जाईपर्यंत तो हलला नाही.

मग उठून त्याने टोपलीची दोरी सोडली. कोंबडा पिसं झाडत बाहेर आला.

"चोन्ता आणायला नाही जायचं?" आत्याने विचारलं.

एलिसेओ घराकडे गेला. दारावर त्याने मारलेल्या कोरलांची कातडी ओळीने खिळ्यांना लावलेली होती. आल्यागेल्याला तो ती हौसेने दाखवायचा. त्यातलं पहिलं त्याने उतरवलं, अंगठ्याने धूळ पुसली आणि त्यावरची कडी शोधली; एकही नव्हतं. मग दुसरं उतरवलं; त्यावरही नव्हतं.

यादिराचं नाचणं थांबलं होतं.

तिसऱ्याकडे गेलेला त्याचा हात खिळ्यावरच राहिला.