पाठीवरची पिल्लं

कुजक्या पानांखाली ओरडणारा बेडूक मी झडप घालून धरला. रताळ्यांबरोबर भाजायला झकास होता. तेवढ्यात माझी बायको यालुमे ओरडली, "थांब, पाठ बघ त्याची!"

पाठीवर वाटाण्याएवढी पिल्लं दाटीवाटीनं बसली होती. न्यू गिनीचे हे डोंगर जन्मभर तुडवले, पण असलं कधी दिसलं नव्हतं.

"आई असेल," मी म्हणालो.

"आत्ता ओरडत होता ना? ओरडतो तो नर. बाप आहे हा."

मी त्याला अलगद खाली ठेवलं. यालुमेनं कपाळाला पट्टा अडकवून पाठीवर घेतलेली आमच्या बाळाची झोळी उतरवून माझ्यापुढे धरली. आमच्यात पुरुष बाळाची झोळी घेत नाहीत.

वाटेत भाऊ भेटला. माझ्या कपाळावरचा झोळीचा पट्टा बघून हसला. "बेडूक धरायला गेला होतास ना? नाही मिळाला वाटतं?"

"मिळाला," मी म्हणालो. "त्यानंच कामाला लावलंय."