गोलमागच्या रिकाम्या पायऱ्या

मध्यंतराची शिट्टी झाली तशी आम्ही सगळे खिम्याची गरम पॅटिसं आणि चहाचे पेले सांभाळत निघालो. उना मात्र जागची हलली नाही.

"अगं पोरी, चल की," म्हातारा वुली म्हणाला. "कठड्याजवळची जागा जाईल."

"जाऊ दे. मी आज इथंच थांबणार."

पोर्टलेहनच्या मैदानावरची ही जुनी रीत. आपला संघ ज्या गोलवर चाल करून जातो, त्याच्या मागे आपण उभं राहायचं. मध्यंतरानंतर संघांनी बाजू बदलल्या की आपणही मैदानाला वळसा घालून पलीकडे जायचं. आमचे आजे गेले, बाप गेले, तसे आम्हीही जातो. समुद्राचा वारा कान कापत असला तरी जातो.

उनाचा नवरा फर्गस लीस्क हा आमचा गोलकीपर. म्हणजे आम्ही जिथे नसायचो, तिथे तो असायचा. आठवडाभर धुरीघरात मासे धुरावर सुकवायला टांगायचा आणि शनिवारी गोलखांबांत उभा राहायचा. अंगाला धुराचा वास, समोर वारा, मागे रिकाम्या पायऱ्या. चेंडू आडव्या खांबावरून गेला की कठडा ओलांडून, पायऱ्या चढून स्वतःच घेऊन यायचा. मोठ्या संघाने त्याला कधी बोलावलं नाही. दाढी पिकली, तरी आमच्या गोलमध्ये तोच.

घरी तो उनाला चिडवायचा की, शनिवारी माझी बायको म्हणजे पलीकडच्या टोकाला दिसणारी एक लाल टोपी. तीही ऐकून घेणारी नव्हती. तुझ्या बाजूला बघायचं तरी काय, म्हणायची. काहीच घडलं नाही, की तू चांगला खेळलास.

आज त्याचा शेवटचा सामना होता. गुडघे आता ऐकत नव्हते. अजून एकही गोल झाला नव्हता आणि आम्हाला बरोबरी पुरे होती. हरलो तर संघ लीगमधून बाहेर जाणार होता, आणि बाहेर गेलेलं आमच्यासारखं गाव सहसा परत येत नाही.

वुली चार पावलं गेला, थांबला. मागे वळून त्या एकट्या लाल टोपीकडे बघत राहिला, मग पुटपुटत परत आला. "तिकडे तरी कुठे गोल होतोय आपल्याकडून."

त्याच्यामागे एकेक करत सगळेच परतलो.

हातमोजे घट्ट करत फर्गस या टोकाला आला आणि आम्हाला बघून थबकला.

"वाट चुकलात काय रे?"

"तू तुझं काम बघ," वुली म्हणाला.

त्याने आमच्याकडे पाठ केली. ती पाठ आम्ही इतक्या जवळून कधी पाहिली नव्हती. केवढी रुंद होती!

सामना संपत आला असताना पाहुण्यांचा एक फटका वर चढत चढत आला. फर्गस झेपावला. बोटांची टोकं लागली आणि चेंडू खांबावरून मागे गेला. फर्गस जमिनीवर आपटला, गुडघा धरून उठला आणि सवयीने, वर न बघताच, कठड्यावर एक पाय टाकला.

चेंडू उनाच्या हातात होता.

"दुखतोय गुडघा?"

"नाही."

"खोटारडा," ती म्हणाली आणि चेंडू त्याच्या हातात दिला.

पुढची कॉर्नर किक त्याने सगळ्यांच्या डोक्यांवरून अलगद टिपली आणि छातीशी धरली. थोड्याच वेळात शेवटची शिट्टी झाली. दोन्हीकडे शून्य. त्या शून्यासाठी आम्ही घसे बसेपर्यंत ओरडलो.

ऑगस्टमध्ये नवा हंगाम सुरू झाला, नवा गोलकीपर आला. मध्यंतराला आम्ही पुन्हा रीतीप्रमाणे पलीकडे गेलो. अलीकडच्या पायऱ्यांवर दोघंच राहिली, एक लाल टोपी आणि शेजारी खिशात हात घालून उभा असलेला एक रुंद माणूस.

चेंडू खांबावरून गेला. नवा गोलकीपर कठड्याकडे वळला. फर्गसने चेंडू आधीच त्याच्यापुढे धरला होता.