सॅलडच्या वाडग्याची कैफियत

मी बोलतोय खरा, पण जरा दमानं बोलेन. तळापासून काठापर्यंत मला एक चीर गेलीय. मी लाकडाचा वाडगा आहे. पसरट, खोलगट, दोन्ही हातांनी उचलावा लागेल एवढा मोठा. आयुष्यभर माझ्यात एकच पदार्थ झाला. ग्रीक सॅलड. ऐकायला मोठं वाटतं, पण आहे काय, तर टोमॅटो, काकडी, कांदा. त्यातच माझा जन्म गेला.

अक्रोडाच्या ओंडक्यातून एका कातारीबाबानं मला घडवलं. लाकूड यंत्रावर गरगर फिरवायचं आणि पटाशी टेकवून आतून कोरत जायचं, हा त्याचा धंदा. त्याला खोकला होता. खोकला आला की यंत्र थांबवायचा, म्हणून माझ्या आतल्या अंगाला एका जागी जराशी लाट आहे. बोट फिरवलं तर कळेल.

त्याच्याकडून मला एका खानावळीच्या मालकिणीनं घेतलं. ती ग्रीक होती. आवाज मोठा, गुडघे अधू, दिवसभर गल्ल्यापाशी उंच स्टुलावर बसून सगळ्यांवर नजर ठेवायची. तिच्याकडे एक तरुण स्वयंपाकी होता. त्याला सगळे उस्ताद म्हणायचे. त्याचं लग्न ठरलं तेव्हा तिनं मला कागदात गुंडाळून त्याच्या हातात दिलं.

"घरी बायको करेल रोजचं," ती म्हणाली, "पण सुट्टीच्या दिवशी तू कर. आणि हे कर. यात चुकायला जागा नाही."

तिला काय ठाऊक!

पहिल्या सुट्टीला उस्तादनं मला टेबलावर मांडलं. नवी नवरी समोर बसली, हाताची घडी घालून, काय होतंय ते बघत. त्यानं टोमॅटो हातातच धरून चिरले, मोठेमोठे, वेडेवाकडे. काकडीची साल एक पट्टा काढून, एक ठेवून सोलली. कांद्याच्या पातळ चकत्या, ढोबळी मिरचीची कडी. मूठभर ऑलिव्ह, म्हणजे ती खारवलेली काळी फळं, बियांसकट. टोमॅटोवर मीठ, थेंबभर व्हिनेगर. मग पांढऱ्या चीजची एक अख्खी वडी वर ठेवली.

"हे काय?"

"फेटा."

"फेटा? कुणाच्या डोक्यावर?"

"याच्या," तो म्हणाला, आणि त्यानं माझ्याकडे बोट दाखवलं.

ती जी हसायला लागली ती थांबेचना. त्यानं ऑलिव्हचं तेल सोडलं, ओरेगानोचा वाळलेला पाला तळहातावर चुरून पेरला आणि खुर्ची ओढून बसला.

"झालं?" तिनं विचारलं. "चुलीवर काहीच नाही?"

"काहीच नाही."

"एवढ्याचा पगार देतात तुम्हाला?"

पण खायला लागल्यावर तिनं पुन्हा पुन्हा वाढून घेतलं. शेवटी तळाशी जो रस उरतो ना, टोमॅटोचं पाणी, तेल, मीठ, चीजचा चुरा, त्यात तिनं पाव बुडवला आणि मला आतून लख्ख पुसून काढलं. इतक्या प्रेमानं मला कुणी पुसलं नव्हतं.

पुढे त्यांना मुलगी झाली. मग त्या तळच्या रसासाठी मायलेकींची भांडणं लागायची. उस्ताद मध्ये पडायचा नाही. दोघींच्या तोंडाकडे बघत बसायचा आणि एकच विचारायचा, "कसं झालंय?" आठवडाभर शेकडो लोकांना खाऊ घालणारा माणूस, पण घरच्या दोघींनी मान डोलावली की त्याचा चेहरा उजळायचा. स्वयंपाक करणाऱ्या माणसांचं हे असंच असतं. त्यांचं पोट दुसऱ्याच्या खाण्यानं भरतं.

ते दिवस आठवले की आता थकवाच जास्त येतो. मुलगी शिकली, नोकरीसाठी दुसऱ्या शहरात गेली, तिकडेच संसाराला लागली. खानावळ बंद पडली. उस्ताद दुसरीकडे राबला आणि एक दिवस कायमचा घरी आला. मी कपाटावर गेलो. अंगावर धुळीचा थर चढला, तेल मिळेना, लाकूड कोरडं पडायला लागलं. माझी तक्रार नव्हती. पुष्कळ काम केलं होतं.

मला परत खाली आणलं ते गॅसमुळे.

उस्ताद विसरायला लागला होता. आधी चष्मा, मग वार, मग शब्द. डाव हवा असला की "ते हे दे, ढवळायचं" म्हणायचा. ते चालून गेलं. पण एकदा त्यानं पातेलं गॅसवर ठेवलं आणि बाहेर फिरायला निघून गेला. घरभर धूर झाला, पडदा पेटला. बायकोनं ओल्या चादरीनं आग विझवली. दुसऱ्या दिवशी तिनं गॅसची बटणं काढून आपल्या पदरात बांधून टाकली.

जन्मभर विस्तवापाशी उभा राहिलेला माणूस तो. शेगडीसमोर येऊन बटणं शोधायचा. सापडली नाहीत की शेगडीच पुसत बसायचा, पुन्हा पुन्हा. ते तिला बघवेना. म्हणून एका सकाळी तिनं स्टुलावर चढून मला उतरवलं, धुतलं, तेलाचा हात फिरवला.

"अहो," ती म्हणाली, "याला कुठे गॅस लागतो? तुम्ही सॅलड करा."

त्याचे हात अजून शहाणे होते. डोकं हरवलं तरी सुरी चुकत नव्हती. टोमॅटो तसेच वेडेवाकडे, कांदा तसाच कागदासारखा. तिला वाटलं, चला, माणूस गुंतला. मलाही वाटलं.

मग ते रोजचं झालं. मग दिवसातून दोनदा. जेवून उठलं की त्याला जेवण झाल्याचं आठवायचं नाही, तो पुन्हा टोमॅटो घेऊन उभा राहायचा. ओट्यावर सदान्‌कदा काकडीच्या साली. माझं लाकूड वाळायलाच वेळ मिळेना. ती मला घासायची, पालथा घालायची, की लगेच तो मला उलटा करायचा. मी कंटाळलो होतो. तीही कंटाळली होती, पण ती बोलायची नाही. फक्त टोमॅटो चिरल्याचा आवाज आला की डोळे मिटून घ्यायची.

खरी पंचाईत मिठाची होती. मीठ घातलं की तो विसरायचा आणि पुन्हा घालायचा. त्यात ते चीज आधीच खारट, ऑलिव्ह त्याहून खारट. तिनं मिठाची बरणी लपवली, तर त्यानं चव घेऊन तोंड वाकडं केलं आणि सगळं घर धुंडाळून बरणी काढली. आठवण गेली होती, पण त्याची जीभ शाबूत होती.

आणि समोर बसून तो विचारायचा, "कसं झालंय?"

"छान झालंय हो."

"मग खा की. टाकू नको."

ती खायची. आता पाव बुडवण्याची हौस राहिली नव्हती, पण तो बघत असायचा. तिला रक्तदाबाचा त्रास होता. डॉक्टरीणबाईंनी मीठ जवळजवळ बंदच सांगितलं होतं. "पथ्य पाळताय ना?" असं त्यांनी विचारलं की ही हो म्हणायची. तिकडे डॉक्टरशी खोटं आणि इकडे नवऱ्याशी खोटं. दोन्ही खोटं पचवायला एकच शरीर होतं बिचारीकडे.

लेक फोनवर विचारायची, "आई, बाई ठेव ना एखादी कामाला."

"ठेवली होती. त्यांनी तिलाही बसवून खायला घातलं. चार दिवसांत पळाली."

दोघी हसायच्या. फोन ठेवला की हिचं हसू लगेच उतरायचं.

एका दुपारी ती नळाखाली ताटल्या धूत होती. तिला चक्कर आली. तिनं टेबलाचा आधार घ्यायला हात टाकला, तो नेमका माझ्या काठावर पडला. आम्ही दोघंही खाली आलो. ती कुशीवर पडली, मी सॅलडसकट फरशीवर आपटलो. खाडकन आवाज झाला. चीर पडली ती तेव्हा.

उस्ताद आला. त्यानं खाली बघितलं.

"अगं, इथे काय बसलीस?"

तिला बोलता येत नव्हतं. तो खाली वाकला, त्यानं फरशीवर पसरलेले टोमॅटोचे तुकडे एकेक वेचून माझ्यात टाकले, फुंकर मारून ऑलिव्ह टाकले. वरून तेल सोडलं. मीठ घातलं. मग मांडी घालून तिच्याशेजारी बसला आणि एक तुकडा तिच्या ओठांशी नेला.

"खा बरं. पोटात काही नाही म्हणून होतं असं."

त्याच्या आवाजात इतकी माया होती, आणि मी मात्र ओरडू शकत नव्हतो. कधी नव्हे ते मला त्या दिवशी वाटलं, लाकडाला तोंड हवं होतं.

नळ चालूच राहिला होता. पाणी ओट्यावरून, फरशीवरून, दाराखालून जिन्यात गेलं. खालची शेजारीण तावातावानं भांडायला वर आली. दार नुसतं लोटलेलं होतं. आत डोकावली आणि भांडण विसरून धावली. तिनंच गाडी बोलावली. तिचे उपकार मी नाकारत नाही.

थोडक्यात निभावलं. दवाखान्यातून लेकच आईला घरी घेऊन आली. उस्तादला आतल्या खोलीत झोपवून दोघी टेबलाशी बसल्या.

"आई, हे असं नाही चालायचं. तू आधी जाशील."

"मग त्यांच्याकडे कोण बघेल?"

"तेच म्हणतेय मी! चांगली संस्था आहे, माझ्या ओळखीची. तिथे माणसं असतात चोवीस तास."

"त्यांना असं सोडून द्यायचं? मला छळलंय का त्यांनी कधी? रोज हातानं करून घालतात गं ते."

"त्या हातानंच तर तू मरायला टेकलीस," लेक म्हणाली, आणि तोंडावर हात ठेवून रडायला लागली.

त्या दिवशी काही ठरलं नाही. लेक रजा वाढवून राहिली. उस्ताद सॅलड करत राहिला. तेल चिरेतून पाझरायचं, म्हणून माझ्याखाली ताटली ठेवायचे.

मग एकदा जेवताना बायको एकदम बोलून गेली, "खारट आहे. नाही खाववत मला."

आयुष्यात पहिल्यांदा. उस्तादचा हात थांबला. त्यानं स्वतः चाखून बघितलं, तिच्याकडे बघितलं. डोळ्यांत पाणी आलं त्याच्या. "मला येत नाही आता," तो म्हणाला. उठून खिडकीशी जाऊन उभा राहिला. तिनं त्याच्या पाठीवरून हात फिरवला, समजूत काढली, कशीबशी.

आणि संध्याकाळच्या आत तो पुन्हा ओट्याशी होता, खुशीत, टोमॅटो निवडत. झालेलं दुःख त्याच्याकडे उरलं नव्हतं. ते सगळं तिच्याकडे राहिलं होतं. ती बराच वेळ त्याच्याकडे बघत राहिली. मग लेकीला हाक मारून म्हणाली, "बघून ये ती जागा."

जायच्या सकाळी तिनंच त्याला मला काढून दिलं. त्यानं इस्त्रीचा सदरा घातला होता. सामानाची पिशवी दाराशी होती, तिच्याकडे त्याचं लक्ष नव्हतं. टोमॅटो हातात घेतला आणि तो थबकला. तिनं बाजूला उभं राहून सांगितलं. "आता हा चिरा. आता काकडी. आता कांदा." ती सांगेल तसं तो करत गेला. झाल्यावर त्यानं मला उचललं, कमरेत किंचित वाकून तिला विचारलं, "बाई, तुमचं टेबल कुठलं?"

लेकीनं मान फिरवली.

"खिडकीजवळचं," ती म्हणाली, आणि जाऊन बसली.

त्यानं वाढलं. खांद्यावर रुमाल टाकून अदबीनं बाजूला उभा राहिला. तिनं खाल्लं. मीठ किती होतं मला ठाऊक आहे. तिनं काही शिल्लक ठेवलं नाही.

"आवडलं?"

"फार. पुन्हा येईन मी."

"या," तो म्हणाला. मग लेकीनं त्याचा हात धरला आणि तो निमूट जिना उतरला.

आता घरात मी आणि ती. दर आठवड्याला ती बसनं त्याला भेटायला जाते. तो तिथल्या सगळ्यांना जेवलात का म्हणून विचारत हिंडतो म्हणे. तब्येत चांगली आहे. तिचाही रक्तदाब उतरलाय. माझ्यात आता कधीतरी नुसती काकडी असते, बिनमिठाची. तीही ती अर्धी टाकते. चीर रुंदावतेय, मी फार दिवस टिकेन असं वाटत नाही, आणि खरं सांगू, टिकायची हौसही नाही.

एक गोष्ट मात्र डाचते. परवा खालची शेजारीण जिन्यात कुणाला तरी सांगत होती, "नवऱ्याला ठेवला तिकडे, आणि ही बघा, दुपारभर झोपा काढते."

हो, झोपते. बाहेरच्या खोलीत, पंख्याखाली, अंगावर काही न घेता, पाय ताणून. पहिले काही दिवस तिला झोपेतही टोमॅटो चिरल्याचा आवाज यायचा, दचकून उठायची. आता नाही उठत. किती वर्षांची झोप आहे ती, ते त्या जिन्यातल्या बाईला नाही कळायचं. मी ओट्यावरून सगळं पाहिलंय, म्हणून सांगतो. तुम्ही कधी या घरी आलात, तिच्या नवऱ्याची चौकशी करायला, तिला धीर द्यायला किंवा दोन शब्द सुनावायला, तर एवढंच करा. दुपारी बेल वाजवू नका.